फिलर म्हणू नका हो!

आपल्या गॅदरिंगमध्ये दोन मोठ्या आयटम्सच्या मधल्या वेळात, पडद्यामागे सेट लागेपर्यंत, ज्याच्या हातात माइक देऊन पुढे ढकललं जातं त्याला 'फिलर' म्हणतात. त्याने मिमिक्री करावी, विनोद सांगावेत, गाणं म्हणावं, काहीही करावं. अपेक्षा एवढीच, की मागची ठोकाठोकी पुढे ऐकू जाऊ नये. दुसऱ्या दिवशी त्याचं नाव कुणाला आठवत नाही. सिनेमाच्या जगातही असे फिलर होते, आणि आज मला त्यांचीच वकिली करायची आहे.

१९३०च्या दशकात अमेरिकेत तिकीट काढून थिएटरात गेलं, की नुसता एक सिनेमा बघायला मिळत नसे. बातमीपट, कार्टून, एखाददुसरा लघुपट आणि मग मुख्य चित्रपट, असा सगळा थाट असायचा. या लघुपटांमध्ये एक ठरलेला प्रकार होता. एक बिग बँड, दहा मिनिटं, तीन-चार गाणी, मध्ये थोडा नाच, संपलं! गोष्ट असलीच तर नावापुरती. मुख्य चित्रपटाआधीची वेळ भरून काढायची, एवढंच त्याचं काम. गंमत म्हणजे, त्या वेळच्या कितीतरी मुख्य चित्रपटांकडे आज अभ्यासकांशिवाय कुणी ढुंकून बघत नाही. हे फिलर मात्र लोक अजून शोधून शोधून बघतात.

माझं म्हणणं असं आहे, की स्विंग नावाच्या संगीताचा आणि ते वाजवणाऱ्या माणसांचा सगळ्यात मोलाचा पुरावा या दहा-दहा मिनिटांच्या फिल्म्समध्ये आहे. त्या पूर्ण खऱ्या आहेत असं मी म्हणत नाही. उलट त्या बऱ्याचदा खोटं बोलतात. पण ते खोटंही फिल्मवर छापलं गेलंय, त्यामुळे आज ते पकडता येतं. म्हणून अशी प्रत्येक फिल्म दोनदा बघावी. एकदा बँडसाठी, आणि एकदा चौकटीत कोण कुणाशेजारी उभं आहे हे बघण्यासाठी.

आता 'जाझ' म्हटलं की ज्यांना डोक्यावरून जाणारं काहीतरी एवढंच आठवतं, त्यांच्यासाठी थोडं बेसिक. बिग बँड म्हणजे साधारण पंधरा जणांचा ताफा. एक रांग ट्रम्पेटची, एक ट्रॉम्बोनची, एक सॅक्सोफोनची. आणि या सगळ्यांना पाठीवर घेऊन चालणारे चौघे : पियानो, गिटार, बास आणि ड्रम्स. भजनात बुवांनी ओळ टाकावी आणि टाळकऱ्यांनी ती उचलावी, तशी इथे एक रांग वाक्य टाकते आणि दुसरी उत्तर देते. आपण समेवर टाळी देतो. स्विंगमध्ये टाळी पडते चारपैकी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर. पहिल्यांदा हात चुकतो, पण एकदा जमलं की पाय आपोआप हलायला लागतो. साधारण १९३५ ते १९४५ हा याचा सुवर्णकाळ. हे तेव्हाच्या कॉलेजातल्या पोरांचं नाचायचं संगीत होतं, समीक्षकांचं नव्हे!

कुणी म्हणेल, 'अरे, मग रेकॉर्ड्स आहेत की! फिल्म कशाला?' तर मित्रांनो, त्या वेळच्या दहा इंची रेकॉर्डवर एका बाजूला मावायची जेमतेम तीन मिनिटं. आणि रेकॉर्डला डोळे नसतात. ट्रम्पेटवाले टोपीच्या आकाराचे म्यूट तोंडापुढे हलवून आवाज कसा उघडझाप करतात, एक रांग उठून उभी राहिली की दुसरी कशी खाली बसते, ड्रमवाला मनगटातून मारतो की खांद्यातून, हे ऐकून कसं कळणार? जिमी लन्सफर्डच्या बँडचे ट्रम्पेटवाले हातातली वाद्यं एकदम हवेत उडवून एकदम झेलण्यासाठी प्रसिद्ध होते. हा लन्सफर्ड फिस्क विद्यापीठाचा पदवीधर. मेम्फिसच्या एका शाळेत तो शिकवायचा आणि तिथल्याच पोरांना घेऊन त्याने बँड सुरू केला. त्यांची १९३६ची 'जिमी लन्सफर्ड अँड हिज डान्स ऑर्केस्ट्रा' ही व्हायटाफोनची दहा मिनिटांची फिल्म जरूर बघा. कवायतीची शिस्त आणि जत्रेतली मजा एकाच वेळी कशी येते, ते कळेल.

आणि आपल्यासारख्यांसाठी तर १९३९ची 'आर्टी शॉज क्लास इन स्विंग' ही पॅरामाउंटची फिल्म म्हणजे असेम्ब्ली ड्रॉइंगच आहे. निवेदक आधी ऱ्हिदम सेक्शन दाखवतो, मग एकेक रांग जोडत जातो आणि शेवटी सगळी यंत्रणा एकत्र चालू होते. आमच्या मशीन ड्रॉइंगच्या तासाला असं कुणी शिकवलं असतं, तर निम्म्या केट्या वाचल्या असत्या!

तंत्राचा विषय निघालाच आहे तर व्हायटाफोनबद्दल सांगायलाच हवं. वॉर्नर ब्रदर्सने १९२६मध्ये लोकांपुढे आणलेल्या या पद्धतीत आवाज फिल्मवर नसायचा. तो असायचा वेगळ्या सोळा इंची तबकडीवर. फिल्मचं एक रीळ हजार फुटांचं, फुटाला सोळा चौकटी आणि सेकंदाला २४ चौकटी. करा गणित : अकरा मिनिटं. तेवढाच वेळ तबकडी चालावी म्हणून तिचा वेग मिनिटाला सव्वातेहतीस-साडेतेहतीसच्या मध्ये, नेमका ३३ १/३ फेऱ्यांचा ठेवला. हाच वेग पुढे १९४८च्या एलपी रेकॉर्डला मिळाला. प्रोजेक्टर आणि तबकडी एकाच यांत्रिक जोडणीने फिरायची. सुई आतून बाहेर यायची. आणि तबकडी झिजायची म्हणून लेबलवर चौकोन छापलेले असत. दर खेळाला एकावर खूण करायची, वीसेक खेळ झाले की तबकडी बाद. मध्येच फिल्म तुटली आणि ऑपरेटरने चार चौकटी कापून चिकटवली, की पुढे सगळं रीळ ओठ एकीकडे आणि आवाज दुसरीकडे! म्हणून जितक्या चौकटी गेल्या तितकीच काळी फिल्म मध्ये घालावी लागे.

लवकरच आवाज फिल्मच्या कडेला आला आणि तबकड्या अडगळीत गेल्या. नतीजा असा, की सुरुवातीच्या कितीतरी लघुपटांचं चित्र एका ठिकाणी पडलेलं आणि आवाज भलत्याच कुणाच्या तरी माळ्यावर. १९९१मध्ये काही हौशी संग्राहकांनी 'व्हायटाफोन प्रोजेक्ट' सुरू केला आणि तबकड्या शोधून त्यांच्या चित्रांशी जुळवायला घेतल्या. मुक्या झालेल्या फिल्म्स पुन्हा बोलायला लागल्या. पगार नाही, प्रमोशन नाही, नुसता नाद. इंजिनिअरिंगचा याहून सुंदर उपयोग मला तरी माहीत नाही.

असो. आता दुसऱ्यांदा बघण्याकडे वळू.

१९२९ची 'ब्लॅक अँड टॅन' घ्या. दिग्दर्शक डडली मर्फी, लांबी एकोणीस मिनिटं. ड्यूक एलिंग्टन स्वतःचीच भूमिका करतो. पियानोचे हप्ते थकलेत म्हणून दोन माणसं तो उचलून न्यायला येतात. हे दोघेही कृष्णवर्णीय आणि तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे विदूषक : धड वाचता येत नाही, आणि दारूची बाटली दिली की खूश. त्याच खोलीत एलिंग्टन नीटनेटक्या कपड्यात, शांतपणे, आपली नवी रचना वाजवून दाखवतोय. गोऱ्या प्रेक्षकाला जे अपेक्षित होतं ते आणि ज्याची त्याने कल्पनाही केली नव्हती ते, दोन्ही एकाच चौकटीत! पुढे फ्रेडी वॉशिंग्टनने साकारलेली नर्तकी, हृदय दुबळं असूनही बँडसाठी नाचते आणि कोसळते. शेवटी तिच्या उशापायथ्याशी बँड वाजवत राहतो. हसवायला बनवलेली फिल्म अशी संपते.

किंवा १९३४ची 'कॅब कॅलोवेज हाय-डी-हो'. रेल्वेच्या झोपायच्या डब्यात कॅब बँडला उठवून तालीम घेतो. बघायला धमाल. पण त्या डब्याचा दुसरा अर्थही माहीत असू द्या. दक्षिणेकडच्या राज्यांत कृष्णवर्णीय वादकांना हॉटेलात खोली मिळत नसे आणि जेवायला टेबलही मिळत नसे. म्हणून एलिंग्टन आणि कॅलोवेसारखे ज्यांना परवडायचं ते दौऱ्यासाठी अख्खा डबा भाड्याने घेत. तोच डबा म्हणजे घर आणि तोच लॉज. पडद्यावरची मौज ही प्रत्यक्षात नाइलाजातून निघालेली सोय होती.

इथे एक प्रश्न पडतो. हे बँड लघुपटांतच इतके का दिसतात? मोठ्या चित्रपटात का नाहीत? मोठ्या चित्रपटात कृष्णवर्णीय कलाकाराला बहुतेक वेळा एखादं सुटं गाणं मिळे, आणि तेही कथेला न जोडलेलं. १९४०च्या दशकात एमजीएमच्या चित्रपटांत लीना हॉर्नची गाणी अशीच ठेवली जात. दक्षिणेतल्या थिएटरमध्ये तेवढा तुकडा कापला तरी सिनेमा जराही अडत नसे! लघुपटात तसं करता येत नव्हतं. अख्खी फिल्मच एलिंग्टनची, कापणार काय? नकोच असेल तर पूर्ण फिल्म लावू नका. म्हणजे ज्या प्रकाराला कुणी किंमत देत नव्हतं, त्याच प्रकारात या माणसांना स्वतःचं नाव पाटीवर आणि स्वतःची दहा मिनिटं मिळाली. मला यात अन्यायाचा बचाव करायचा नाही. मुख्य दरवाजा बंद होता म्हणून ते मागच्या दाराने आले, आणि त्या मागच्या खोलीत त्यांनी काय केलं ते बघा, एवढंच म्हणतोय.

काय केलं याचं उत्तर १९३५च्या 'सिम्फनी इन ब्लॅक'मध्ये आहे. दिग्दर्शक फ्रेड वॉलर. (याच गृहस्थाने पुढे तीन प्रोजेक्टरवाला 'सिनेरामा' शोधून काढला.) एलिंग्टन इथे विदूषकांच्या संगतीत नाही. तो एका मैफलीसाठी संगीत लिहिणारा रचनाकार आहे. चार भाग : कष्टकरी, प्रेमाचा त्रिकोण, शोकाचं स्तोत्र आणि हार्लेमची लय. दुसऱ्या भागात रस्त्यावर ढकलून दिलेली एक मुलगी पडल्या जागी गायला लागते. ती बिली हॉलिडे, पडद्यावर पहिल्यांदाच. तीच बिली १९३८मध्ये आर्टी शॉच्या गोऱ्या बँडबरोबर गात होती. न्यूयॉर्कच्या एका हॉटेलात तिला मालवाहू लिफ्टने जायला सांगितलं आणि तिने तो बँड सोडला. शॉच्या लघुपटांत गाताना दिसते ती हेलन फॉरेस्ट. हेलन गुणी गायिका होती, त्यात वाद नाही. पण चौकट बघताना जे दिसतंय त्याच्याबरोबर कोण दिसत नाही तेही मोजावं लागतं.

या सगळ्याचं टोक म्हणजे १९४४ची 'जॅमिन द ब्लूज'. हा काही पूर्ण बिग बँड नव्हे. कामकाज संपल्यावर जमलेल्या वादकांचं बसणं म्हणा. लेस्टर यंग, हॅरी एडिसन, जो जोन्स ही काउंट बेसीच्या बँडमधली मंडळी यात आहेत. दिग्दर्शक जॉन मिली. हा लाइफ मासिकाचा छायाचित्रकार, आणि शिक्षणाने कोण? एमआयटीचा इलेक्ट्रिकल इंजिनिअर! फ्लॅशच्या प्रकाशाचे प्रयोग करून हा माणूस फोटोग्राफीत आला होता. त्यामुळे फिल्मभर काळोख, धुराची वलयं आणि एका बाजूने पडलेला प्रकाश. या ग्रुपमध्ये एकच गोरा वादक होता, गिटारवाला बार्नी केसेल. गोरे आणि काळे एकत्र वाजवताना दिसणं स्टुडिओला परवडणारं नव्हतं. निर्मितीत असलेला नॉर्मन ग्रँझ केसेलला काढायला तयार नव्हता. तोडगा काय निघाला? केसेलला सावलीत बसवलं आणि हातांना बेरीच्या रसाने रंग दिला. फिल्मला ऑस्करचं नामांकन मिळालं, १९९५मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय फिल्म नोंदणीत तिचा समावेश झाला. आज तिच्या प्रकाशयोजनेचं सगळे कौतुक करतात, आणि करायलाच हवं. पण त्यातली एक सावली सौंदर्यासाठी नाही, हे विसरून कसं चालेल?

नेमकी उलटी गोष्ट 'इंटरनॅशनल स्वीटहार्ट्स ऑफ ऱ्हिदम' या मुलींच्या बँडची. मिसिसिपीमधल्या पायनी वूड्स या गरीब कृष्णवर्णीय मुलांच्या शाळेसाठी पैसे उभे करायला हा बँड निघाला, आणि पुढे शाळेपासून वेगळा होऊन देशभर गाजला. यात काही गोऱ्या मुलीही वाजवत. दक्षिणेत दौरा असला की त्या चेहऱ्याला गडद मेकअप लावत, कारण एकत्र राहणं, एकत्र प्रवास करणं कायद्यात बसत नव्हतं. १९४६मधल्या त्यांच्या 'साउंडीज' बघा. टायनी डेव्हिसचं ट्रम्पेट आणि व्हाय बर्नसाइडचा सॅक्सोफोन ऐकून 'मुली असूनही छान वाजवतात' असं कुणी म्हणालंच, तर त्याला तो व्हिडिओ पुन्हा पहिल्यापासून लावून द्या.

साउंडी म्हणजे काय? शिकागोच्या मिल्स कंपनीने १९४०मध्ये 'पॅनोरम' नावाचं कपाटाएवढं यंत्र काढलं. बारमध्ये दहा सेंटचं नाणं टाकलं की काचेवर तीन मिनिटांचं गाणं दिसायचं. आत सोळा मिलिमीटरची आठ गाण्यांची सलग फिल्म, आरशांवरून फिरून पडद्याच्या मागून येणारा प्रकाश. आरशात चित्र उलटतं म्हणून फिल्मच उलटी छापलेली! मात्र गाणं निवडायची सोय नाही, जे पुढे असेल ते बघा. १९४७पर्यंत हा धंदा आटोपला, तोपर्यंत अठराशेहून जास्त साउंडीज निघाल्या होत्या. त्यातल्या एलिंग्टनच्या 'हॉट चॉकलेट'मध्ये व्हायटीज लिंडी हॉपर्स हा नाचणाऱ्यांचा ग्रुप आहे. त्याच ग्रुपचा फ्रँकी मॅनिंग पुढे पोस्टात नोकरी करत होता. १९८०च्या दशकात स्वीडन-अमेरिकेतल्या तरुणांनी जुन्या फिल्म्स थांबवून थांबवून त्या नाचाच्या स्टेप्स उचलल्या आणि या म्हाताऱ्यांना शोधून गुरू केलं. २००९मध्ये वारला तोपर्यंत मॅनिंग जगभर नाच शिकवत होता. मेलेली कला नाण्यावर चालणाऱ्या फिल्मने जिवंत केली!

'पण हे तर सगळं प्लेबॅक!' हा एक आक्षेप नेहमी येतो. खरं आहे. अगदी सुरुवातीच्या व्हायटाफोन फिल्म्समध्ये आवाज शूटिंगच्या वेळीच तबकडीवर जाई. साउंडीजमध्ये आणि 'जॅमिन द ब्लूज'मध्ये मात्र आधी रेकॉर्डिंग आणि मग त्यावर अभिनय. पण हिंदी सिनेमावर वाढलेल्या आपण तरी प्लेबॅकला नाव ठेवू नये! फरक एवढाच, की इथे अभिनय करणारे बहुतेक वेळा तेच वादक आहेत. बोट इकडेतिकडे झालं तरी बसण्याची ढब आणि शेजारच्याच्या सोलोवर आलेलं हसू, हे नंतर भरता येत नाही.

माझा खरा आक्षेप वेगळ्याच गोष्टीवर आहे, आणि तो आपल्याच जमातीवर. हल्ली या फिल्म्स एआयने रंगवून, सेकंदाला साठ चौकटी करून, गुळगुळीत करून टाकल्या जातात. खाली सगळे 'वॉव' लिहितात. चोवीसच्या साठ केल्या म्हणजे दर सेकंदाला किमान छत्तीस चौकटी कुणी कधी शूटच केलेल्या नाहीत. ड्रमवाल्याच्या मनगटाची ती हालचाल प्रोग्रामने अंदाजाने काढलेली आहे. आणि उद्या कुणी हौसेने 'जॅमिन द ब्लूज'मधल्या सावल्या उजळल्या, तर केसेलचा चेहरा लख्ख दिसेल आणि तो का लपवला होता हा प्रश्नच पुसला जाईल. खराब चित्र साफ करणं आणि पुरावा बदलणं यातली रेष आपण इंजिनिअर लोकांनी तरी ओळखायला हवी. ओरखडे काढा, आवाजातली खरखर काढा. पण मूळ प्रत जवळ ठेवा, आणि काय बदललं ते स्पष्ट लिहा.

हे सगळं दूर अमेरिकेतलं, आपल्याला काय त्याचं? तर एक धागा थेट मुंबईपर्यंत येतो. १९३५च्या अखेरीस लिऑन अॅबी हा कृष्णवर्णीय अमेरिकन व्हायोलिनवादक आपला बँड घेऊन ताजमहाल हॉटेलात आला. पुढची काही वर्षं तिथे असे बँड वाजत राहिले आणि गोव्याच्या वादकांनी ते संगीत आत्मसात केलं. आंतोनियो झेवियर वाझ ऊर्फ चिक चॉकलेट हा त्यातलाच ट्रम्पेटवाला. पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, म्हणजे आपले सी. रामचंद्र, यांनी ही लय हिंदी गाण्यात आणली. भगवानदादांच्या १९५१च्या 'अलबेला'त चिक चॉकलेट आणि त्याचा बँड चक्क पडद्यावर दिसतो. ती आपली साउंडीच समजा! पण त्या काळातल्या किती गोवेकर वादकांची, अरेंजरची नावं आपल्याला माहीत आहेत? पाटीवर संगीतकाराचं नाव मोठं, आणि ज्यांनी सुरावटी लिहिल्या, वाजवल्या, त्यांची नावं बहुतेक वेळा नाहीतच. आपल्याकडे सावलीत बसवायला बेरीचा रसही लागला नाही.

तेव्हा सबमिशनच्या धबडग्यातून दहा मिनिटं काढा. मागे लावून ठेवू नका, समोर बसून बघा. सुरुवात 'ब्लॅक अँड टॅन'पासून करा. आणि यंदा गॅदरिंगचं शूटिंग करणाऱ्यांना हात जोडून विनंती : कॅमेरा फक्त गाणाऱ्यावर रोखून धरू नका. ढोलकीवाला, कीबोर्डवाला, साउंडवर बसलेला, विंगेत वायर गुंडाळणारा, सगळ्यांना एकदा तरी चौकटीत घ्या आणि शेवटी सगळ्यांची नावं लिहा. हो, त्या माइक घेऊन पुढे ढकललेल्या फिलरचंसुद्धा!

— तृतीय वर्ष, इलेक्ट्रॉनिक्स